प्रस्तावना : चैत्रातला झणझणीत भात

संध्याकाळ झाली की मुंबई, पुणे, नाशिक, कोल्हापूर, कुठेही चौकाच्या कडेला लाल रंगाची, ड्रॅगनचं चित्र काढलेली गाडी उभी राहते. कढई तापते, आगीचा लोळ उठतो आणि पाचेक मिनिटांत प्लेटमध्ये भात येतो. लालभडक, लसणाचा घमघमाट सुटलेला, कोबी-गाजर-फरसबी-सिमला मिरची घातलेला, वर पातीचा कांदा भुरभुरलेला. त्याला आपण शेझवान राईस म्हणतो. चीनच्या सिचुआन प्रांतातल्या माणसापुढे तो ठेवला तर आपल्या गावचा म्हणून तो काही ओळखणार नाही. म्हणून काही हा भात खोटा ठरत नाही. गेल्या चाळीस-पन्नास वर्षांत महाराष्ट्रातल्या शहरांनी जे नवे पदार्थ रोजच्या खाण्यात रुजवले, त्यांत त्याचा नंबर बराच वर लागतो. शाळेच्या डब्यात तो आहे, लग्नाच्या बुफेत आहे, आणि ज्या घरात कांदा-लसूण चालत नाही तिथेही त्याची एक बिनलसणाची आवृत्ती निघालेली आहे.

या पुस्तकाचा विषय हा एकच भात नव्हे. पण सुरुवात त्याच्यापासून करण्याला कारण आहे. तिखट चवीचा, दोन-तीन परंपरांच्या सरमिसळीतून झालेला आणि हंगामातल्या ताज्या भाज्या पोटात घेणारा भात घरी कसा करावा, हा इथला प्रश्न. त्याचं उत्तर शोधताना घराघरांतल्या पाककृती जमा झाल्या, काही दूरदेशीच्या मिळाल्या, काही जुन्या पुस्तकांतून निघाल्या. त्या नुसत्या एकापुढे एक छापल्या असत्या तरी चाललं असतं. पण मग हा भात का जमतो आणि का फसतो ते कळलं नसतं.

'फ्यूजन' या शब्दाला स्वयंपाकाच्या जगात जरा वाईट नाव मिळालं आहे, आणि ते पुष्कळसं रास्त आहे. कशावरही चीज किसायचं, कशातही शेझवान चटणी ढकलायची आणि त्याला नवं नाव द्यायचं, हा प्रकार आपण सगळ्यांनी खाल्लेला आहे. माझं मत असं की सरमिसळ तेव्हाच बरी लागते जेव्हा करण्याची रीत एका घराण्याची पक्की धरलेली असते आणि जिन्नस मात्र मोकळेपणाने बाहेरून येतात. रीतीच दोन-तीन एकत्र केल्या, म्हणजे पुलावासारखा शिजवला, मग फ्राइड राईससारखा परतला आणि शेवटी बिर्याणीसारखा दमावर ठेवला, की भाताचा गिचका होतो. या पुस्तकातल्या निवडीमागे एवढा एकच निकष आहे.

ही मोकळीक नवी नाही. आपल्या लग्नाच्या पंगतीतला मसालेभात घ्या. यापेक्षा अस्सल मराठी भात दाखवणं अवघड. त्यातली मिरची, काजू आणि कुणी घालत असेल तर बटाटा, हे तिन्ही अमेरिका खंडातून आलेले. वास्को द गामा १४९८ मध्ये कालिकतला उतरला, १५१० मध्ये पोर्तुगिजांनी गोवा घेतलं, आणि पुढच्या काही शतकांत हे जिन्नस किनाऱ्यावरून घाटावर चढले. त्याआधी आपल्याकडे तिखट म्हणजे मिरी, पिंपळी आणि आलं. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याच्या नावावर असलेल्या 'मानसोल्लास' या बाराव्या शतकातल्या ग्रंथात राजाच्या जेवणाचं तपशीलवार वर्णन आहे, तांदळाच्या जाती आहेत, भात करण्याची रीत आहे. मिरची नाही, असणं शक्यच नव्हतं. सतराव्या शतकात तंजावरच्या मराठी दरबाराच्या आश्रयाने रघुनाथ पंडितांनी 'भोजनकुतूहल' हा संस्कृत ग्रंथ लिहिला. मराठी माणसं तमिळ मुलखात राज्य करत होती, आणि त्यांच्या स्वयंपाकघरात दोन्हीकडच्या चवी नांदत होत्या. सरमिसळ म्हणजे हॉटेलवाल्यांनी काढलेलं खूळ, असं म्हणणाऱ्याने एकदा मसालेभाताचे जिन्नस मोजावेत.

भाताच्या पदार्थांची जगभरची घराणी पाहिली तर ढोबळमानाने चार दिसतात. पहिलं घराणं एकत्र शिजवणाऱ्यांचं. तांदूळ, भाजी, मसाला आणि मोजून घेतलेलं पाणी एकाच भांड्यात. भाजीचा रस तांदळात मुरतो. मसालेभात, वांगीभात, तोंडलीभात, विदर्भात ओल्या तुरीच्या किंवा हरभऱ्याच्या दाण्यांचा होणारा सोलेभात हे सगळे इथले. स्पेनचा पाएला, इटलीचा रिसोत्तो, पश्चिम आफ्रिकेचा जोलोफ हेही त्याच गोत्रातले. व्हेनिसमध्ये २५ एप्रिलला, सेंट मार्कच्या दिवशी, कोवळ्या मटारचा 'रीझी ए बीझी' नावाचा आसट भात करतात. पूर्वी तो तिथल्या राज्यप्रमुखाला, डोजला, वाढण्याची प्रथा होती. मटाराच्या शेंगांची सालं फेकून न देता ती उकळून त्याच पाण्यात तांदूळ शिजवतात. ही युक्ती आम्ही निःसंकोच उचललेली आहे. जानेवारीतल्या गोड मटारच्या सालांचं पाणी मसालेभातात घालून पाहा.

दुसरं घराणं अर्धवट शिजवून, पेज काढून, मग वाफेवर दम देणाऱ्यांचं. ते मूळ इराणचं म्हणायला हरकत नाही. २१ मार्चच्या सुमारास येणाऱ्या नवरोजला इराणी घरात कोथिंबीर, शेपू, पार्सली आणि पातीचे प्रकार चिरून घातलेला हिरवागार 'सब्जी पोलो' होतो, सोबत मासा. वसंतातल्या भाजीचा भात म्हणून जगात जे काही आहे त्यात हा मला सर्वांत देखणा वाटतो. आपल्याकडे बिर्याणी याच वळणाची. मुंबईत बॅलार्ड इस्टेटमधल्या 'ब्रिटानिया' हॉटेलाचा बेरी पुलाव म्हणजे इराणच्या झरेश्क पोलोला मुंबईचा मसाला भेटल्यावर काय होतं त्याचा नमुना आहे.

तिसरं घराणं पानात कालवणाऱ्यांचं. कोरियाचा बिबिम्बाप त्यातला, आणि खरं म्हणजे आपला वरण-भात, दहीभात, मेतकूट-भातसुद्धा. याच्यावर या पुस्तकात फार नाही.

चौथं घराणं परतणाऱ्यांचं, आणि आमचा मुक्काम मुख्यतः तिथे आहे. शिजलेला, गार झालेला भात कडक आचेवर पुन्हा परतायचा. आपल्या घरी सकाळी होणारा फोडणीचा भात या घराण्यातला सर्वांत साधा सदस्य. पावभाजीच्या तव्यावर उरलेल्या भाजी-मसाल्यात भात लोटून केलेला तवा पुलाव त्याचा शहरी चुलतभाऊ. चीनचा चाओ फान, इंडोनेशियाचा नासी गोरेंग, पेरूचा 'आरोस चाउफा' हे दूरचे नातेवाईक. या घराण्याचं बलस्थान असं की भात आधीच शिजलेला असल्याने भाजीला भातासाठी थांबावं लागत नाही. मसालेभातात मटार वीस मिनिटं रटरटतात. परतलेल्या भातात त्यांना दोन मिनिटं पुरतात. कोवळ्या, ताज्या, हिरव्या भाजीसाठी म्हणूनच ही रीत सर्वांत दयाळू आहे. मसालेभाताचा मान कमी करण्याचा इथे हेतू नाही. वांगं, तोंडली, फ्लॉवर यांना मुरायला वेळ लागतो, त्यांनी तिथेच राहावं.

आता त्या लाल गाडीकडे. कोलकात्यात अठराव्या शतकाच्या अखेरीपासून चिनी माणसं येत गेली. त्यातले हाक्का समाजाचे लोक पुढे टांग्रा भागात चामडं कमावण्याच्या धंद्यात स्थिरावले. कारखान्यांच्या आसपास खानावळी निघाल्या, आणि गिऱ्हाईक बंगाली असल्याने रश्शाला दाटपणा, मिरचीला जोर आणि लसणाला मोकळं रान मिळालं. १९६२ च्या भारत-चीन युद्धानंतर भारतातल्या चिनी वंशाच्या पुष्कळ कुटुंबांना राजस्थानातल्या देवळीच्या छावणीत डांबलं गेलं, अनेकजण देश सोडून गेले. आज आपण गमतीने 'इंडियन चायनीज' म्हणतो त्या जेवणामागे हाही इतिहास आहे, आणि पाककृतींच्या पुस्तकांत तो सहसा येत नाही. मुंबईत १९७० च्या दशकात ताजमहाल हॉटेलातल्या 'गोल्डन ड्रॅगन'ने सिचुआन पद्धतीचं तिखट जेवण उच्चभ्रू गिऱ्हाइकापुढे ठेवलं. त्याच दशकात कोलकात्याहून आलेल्या नेल्सन वाँग यांनी क्रिकेट क्लब ऑफ इंडियामध्ये आलं-लसूण-हिरव्या मिरचीच्या फोडणीत सोया सॉस आणि कॉर्नफ्लोअर घालून चिकन मांचुरियन केलं, असं ते सांगत आले. पुढे हे सगळं रस्त्यावर उतरलं आणि तिथेच खरं रंगलं. 'ट्रिपल शेझवान', म्हणजे भात, नूडल्स आणि वर रस्सा, ही कल्पना कुठल्याही पंचतारांकित स्वयंपाकघराला सुचली नसती.

पेरूची गोष्ट याच्याशी अगदी समांतर जाते. १८४९ ते १८७४ या काळात सुमारे लाखभर चिनी मजूर तिथल्या ऊसमळ्यांत आणि किनाऱ्यालगतच्या बेटांवर खताच्या खाणींत राबायला नेले गेले. करार संपल्यावर त्यांनी लिमा शहरात खानावळी घातल्या. तिथल्या पिवळ्या मिरचीशी आणि जिऱ्याशी सोया सॉसची गाठ पडली आणि चाउफा हा भात जन्मला. आज तो पेरूचा आपला पदार्थ मानला जातो. आपण मात्र शेझवान राईसला अजून घरजावयाइतकाही मान देत नाही, याचं मला नवल वाटतं.

गाडीवरच्या शेझवान चटणीत भिजवून वाटलेल्या लाल मिरच्या, भरपूर लसूण, आलं, व्हिनेगर आणि साखर असते. रंग ब्याडगी किंवा काश्मिरीचा, तिखटपणा दुसऱ्या एखाद्या मिरचीचा. खुद्द सिचुआनमध्ये त्या चवीचे दोन खांब वेगळे आहेत : पिशियनची, घेवड्यासारख्या बियांपासून आंबवून केलेली मिरचीची पेस्ट, आणि जिभेला झिणझिण्या आणणारी सिचुआन मिरी. हे दोन्ही आपल्याकडच्या बाटलीत क्वचितच सापडतात. पण इथे एक मजेशीर योग आहे. ही सिचुआन मिरी आणि कोकण-गोव्याचं तिरफळ एकाच वनस्पती-कुळातली, एकाच प्रजातिगटातली भावंडं आहेत. दोघांचं शास्त्रीय नाव 'झँथॉक्सिलम'ने सुरू होतं. बांगड्याच्या तिखल्यात ठेचून टाकायचं, बी काढून फक्त साल वापरायची, हे मालवणपासून कारवारपर्यंतच्या प्रत्येक बाईला माहीत. मिरचीही दोन्हीकडे परकीच. चीनमध्ये ती सोळाव्या शतकाच्या अखेरीस पोचली आणि सिचुआनमध्ये रुजायला आणखी बराच काळ गेला. म्हणजे एकाच पाहुणीला दोन दूरच्या मुलखांनी झिणझिणीच्या फळाशेजारी बसवलं. शेझवान भातात सिचुआन मिरीऐवजी तिरफळ घातलं तर तो मूळ चवीच्या जवळ जातो आणि त्याच वेळी जास्त मराठीही होतो. हे जमायचं तर तिरफळाची साल कोरडीच भाजून, भरडून, आच बंद केल्यावर घालावी. तेलात करपलं तर कडू होतं, जास्त झालं तर जीभ बधिर होऊन भाजीची चव लागत नाही. चार माणसांच्या भाताला पाच-सहा फळांची साल भरपूर झाली.

वसंतातल्या भाज्या म्हटलं की परदेशी पुस्तकांत कोवळे मटार, अ‍ॅस्पॅरॅगस, ओला घेवडा आणि मुळ्याच्या जुड्या येतात. तिथे बर्फ वितळल्यावर जमीन पहिल्यांदा हिरवी होते, म्हणून. आपला वसंत पंचांगाप्रमाणे चैत्र-वैशाखात येतो, आणि तेव्हा देशावरची शेतं मोकळी, तापलेली असतात. मंडईत भाजी महाग व्हायला लागते. मग आपल्या वसंताची भाजी कुठली? याचं उत्तर मला दोन भागांत सापडतं.

पहिला भाग माघ-फाल्गुनाचा, रब्बीच्या शेवटाचा. हरभऱ्याचे टहाळ बाजारात येतात, त्यांचे सोलाणे. ओला लसूण पातीसकट मिळतो. पातीचा कांदा, गाजर, नवलकोल, मटारचे शेवटचे ढीग, वालपापडी. हे सगळं शेतातलं, आणि थंडी हटली की पंधरा-वीस दिवसांत जून होणारं. मटार आणि मका खुडल्या क्षणापासून त्यांच्यातल्या साखरेचं पिष्ट व्हायला लागतं, म्हणून सकाळी आणलेले मटार रात्री गोडीला कमी लागतात. सोलाण्यांचंही फार थांबून चालत नाही.

दुसरा भाग चैत्राचा, आणि तो झाडांचा. शेतं करपतात तेव्हा खोलवर मुळं गेलेली झाडं देतात. कैरी, शेवग्याच्या शेंगा, फणसाची कुयरी आणि कोकणात ओले काजूगर. युरोपचा वसंत जमिनीतून उगवतो, आपला फांदीवर लागतो, म्हणून भाज्यांचा पोतही वेगळा असतो. कुयरी मांसल, शेवगा रसाळ पण धाग्यांचा, काजूगर दुधाळ आणि करकरीत. त्यांना पालेभाजीसारखं भुर्रकन परतून भागत नाही. कुयरी आधी वाफवावी लागते. ओल्या काजूच्या टरफलातला चीक हात पोळवतो, म्हणून तेल लावून, विळीवर बी चिरून, सुईसारख्या टोकाने गर काढतात. कोकणात हे काम करणाऱ्या बायकांच्या बोटांकडे पाहिलं की शंभर काजूगरांची किंमत जास्त वाटत नाही. एवढं करून हाती आलेला गर तांबड्या शेझवान चटणीत बुडवणं मला पटत नाही. त्याला हिरवी मिरची, ओलं खोबरं, आलं आणि शेवटी तिरफळ. एवढंच.

तिखट आणि ताजेपणा यांचं वैर आहे असा एक समज आहे. तो अर्धा खरा आहे. गोडा मसाला, काळा मसाला, कांदा-लसूण मसाला हे भाजून, मुरवून केलेले मसाले. त्यांच्यात सुकं खोबरं, तीळ, दगडफूल असतं. ते वांग्या-बटाट्याला उचलून धरतात, पण सोलाण्यांसारख्या नाजूक चवीवर पांघरूण घालतात. कच्च्या, ओल्या तिखटाचं तसं नसतं. हिरवी मिरची, ओला लसूण, आलं, मिरी आणि तिरफळ भाजीच्या चवीला जागं ठेवतात. मिरचीचा तिखटपणा तेलात विरघळतो, पाण्यात जवळपास नाहीच. म्हणून मिरची तेलात आधी घातली तर तिखट प्रत्येक शितापर्यंत पसरतं आणि टोचत नाही. वरून भुरभुरलेली मिरची पूड मात्र घासागणिक वेगळी लागते. आंबटाचं उलट. लिंबू, व्हिनेगर किंवा कैरी लवकर घातली तर हिरव्या भाजीतलं हरितद्रव्य आपलं मॅग्नेशियम गमावतं आणि मटार शेवाळी होतात. झाकण ठेवलं तरी तेच, कारण भाजीतली आम्लं वाफेबरोबर बाहेर जायची ती आतच कोंडतात. म्हणून आंबट शेवटी आणि झाकण नाही. या दोन ओळी पाळल्या तर पुस्तकातल्या निम्म्या पाककृती वाचकाला स्वतःच सुचतील.

तांदळाबद्दल जरा सविस्तर सांगायला हवं, कारण या भाताची फजिती बहुधा तिथेच होते. तांदळाच्या पिष्टात अमायलोज आणि अमायलोपेक्टिन असे दोन घटक असतात; पहिला जास्त असेल तर शितं मोकळी राहतात, दुसरा जास्त असेल तर चिकटतात. इंद्रायणी ही वडगाव मावळच्या संशोधन केंद्रात आंबेमोहर १५७ आणि आयआर ८ यांच्या संकरातून तयार झालेली, १९८७ मध्ये शेतकऱ्यांपर्यंत आलेली जात. तिचा गरम मऊ भात तूप-मिठाबरोबर स्वर्गीय लागतो, पण परतायला घेतला की गोळा होतो. आंबेमोहराचंही तेच. परतण्यासाठी कोलम उत्तम, आणि जुना कोलम त्याहून उत्तम. बासमतीचा आग्रह धरू नये. त्याचा सुवास ज्या द्रव्यामुळे येतो ते आंबेमोहरातही आहे, आणि लसूण-सोया सॉसच्या धुरात ते कोणाच्या नाकाला कळणार? महागाचा तांदूळ बिर्याणीला राखून ठेवावा. आजऱ्याचा घनसाळ, मुळशीचा आंबेमोहर, वाड्याचा कोलम यांना गेल्या काही वर्षांत भौगोलिक मानांकन मिळालं आहे. ते नावापुरतं राहू नये असं वाटत असेल तर कुठला तांदूळ कशाला, हे आपल्या स्वयंपाकघरांनी पुन्हा शिकलं पाहिजे.

भात गार झाल्यावर त्यातलं अमायलोज पुन्हा घट्ट बांधलं जातं आणि शीत कणखर होतं, म्हणून शिळा भात परतायला चांगला. पण रात्रभर ओट्यावर झाकून ठेवलेला भात घेऊ नये. बॅसिलस सेरियस नावाच्या जिवाणूचे बीजाणू शिजवूनही टिकतात. भात तासन्‌तास कोमट राहिला की ते वाढतात, आणि त्यांनी तयार केलेलं एक विष परतल्यानेही जात नाही. भात परातीत पसरून गार करावा, तासाभरात फ्रिजमध्ये टाकावा आणि दुसऱ्या दिवशी संपवावा. आपल्या आज्यांना काही झालं नाही, हा युक्तिवाद एप्रिलच्या उकाड्यात ऐकू नये.

मराठीत पाककृतींची पुस्तकं कमी नाहीत. लक्ष्मीबाई धुरंधरांचं 'गृहिणीमित्र अथवा हजार पाकक्रिया' १९१० मध्ये निघालं. त्यात पाठारे प्रभूंच्या स्वयंपाकघराचं ऐश्वर्य आहे आणि बाहेरच्या पदार्थांचं मोकळं स्वागतही. १९७० मधल्या कमलाबाई ओगल्यांच्या 'रुचिरा'ने तर वाटी-चमच्याचं माप देऊन मराठी घरांच्या किमान दोन पिढ्यांना स्वयंपाक शिकवला. या परंपरेत भाताचं दालन समृद्ध आहे, पण ते बहुतेक पहिल्या घराण्याचं. परतलेल्या भाताकडे उरलेलं संपवण्याची सोय म्हणून पाहिलं गेलं. दुसरीकडे चायनीजच्या वेगळ्या पुस्तिका निघाल्या, त्यात अजिनोमोटो आणि फूड कलर चमच्याने मोजलेले. या दोहोंच्या मधली जागा रिकामी राहिली, आणि घराघरांत तर रोज त्याच जागी स्वयंपाक होतो आहे.

ही गोष्ट आत्ताच मांडण्याला कारण आहे. शेझवानची बाटली आता केचपशेजारी उभी असते. ती घरोघरी पोचवणाऱ्या 'चिंग्ज सीक्रेट'ची मालक असलेली कॅपिटल फूड्स ही कंपनी २०२४ मध्ये टाटा समूहातल्या कंपनीने ५,१०० कोटी रुपयांच्या मोलाने घेतली, यावरून या चवीचा बाजार केवढा झाला आहे ते दिसतं. बाटलीला माझा विरोध नाही. पण तिच्यामुळे कुठलीही भाजी, कुठल्याही महिन्यात, एकाच चवीची लागते. गोठवलेले मटार, गाजर, फरसबी यांचं तयार मिश्रण बारा महिने मिळतं आणि मुलांना वाटतं की भातातली भाजी म्हणजे तेवढीच. शहरातल्या मुलाला सोलाणा आणि मटार यातला फरक सांगता येत नसेल तर दोष त्याचा नाही, आपण त्याला तो खाऊ घातला नाही. शिवाय चैत्रात ओट्यापाशी उभं राहवत नाही. दहा मिनिटांत उरकणारा, एका भांड्यातला, भाज्यांनी भरलेला भात ही तेव्हाची खरी गरज असते.

परदेशातल्या मराठी घरांकडून या पुस्तकाला वेगळीच मदत झाली. न्यू जर्सी किंवा लंडनमध्ये एप्रिल-मे महिन्यांत अ‍ॅस्पॅरॅगस, मटारचे कोंब आणि कोवळे ब्रॉड बीन्स येतात. तिथल्या मराठी स्वयंपाकघरांत ते मोहरी-कढीपत्त्याच्या फोडणीत, हिरव्या मिरचीबरोबर भातात जाऊ लागले आहेत. ब्रॉड बीन्स सोलून घेतले की डाळिंब्यांची आठवण होते, म्हणून डाळिंबीभाताच्या वाटेने ते केले जातात. हे मला खरं, पोटातून आलेलं फ्यूजन वाटतं. कुणी नकाशा समोर ठेवून ते ठरवलेलं नाही. मंडईत जे दिसलं ते हाताच्या सवयीने शिजवलं गेलं.

या पुस्तकात काय नाही तेही सांगून टाकतो. मांसाहारी पाककृती थोड्या आहेत, कारण विषय भाज्यांचा आहे. सुकट किंवा सोडे जिथे मसाल्यासारखे वापरले जातात तिथेच ते आले आहेत. वजन-मापं आहेत, पण मिरचीचं माप मुद्दाम ढिलं ठेवलं आहे. लवंगी आणि ब्याडगी यांत जमीन-अस्मानाचा फरक, आणि एकाच झाडाच्या दोन मिरच्या सारख्या निघत नाहीत. घरच्या गॅसवर गाडीसारखी धग मिळत नाही, हे गृहीत धरून सगळ्या पाककृती एका वेळी दोन माणसांपुरत्या दिल्या आहेत. चौघांचा करायचा असेल तर दोनदा करावा. एकदम भरलेल्या कढईत भाजी परतली जात नाही, तिच्याच पाण्यात उकडली जाते. लोखंडी कढई असेल तर ती काढा, नॉनस्टिक पॅन धिरड्यांना राहू द्या. क्रम महिन्यांचा आहे, माघापासून वैशाखापर्यंत, आणि प्रत्येक भागाच्या सुरुवातीला त्या महिन्याची मंडई आहे. पाककृतींचं वर्गीकरण देशवार केलेलं नाही. नवरोजच्या हिरव्या पोलोशेजारी सोलेभात सापडेल आणि चाउफाच्या पुढच्या पानावर तवा पुलाव.

पुस्तक सुरुवातीपासून वाचायची गरज नाही. हातात आलं तो महिना उघडा, मंडईत जा, आणि तिथे त्यातली भाजी नसेल तर जी ताजी दिसेल ती घ्या. एवढं मात्र लक्षात ठेवा : सोलाणे फाल्गुनात संपतात आणि ओले काजूगर एप्रिलनंतर शोधूनही मिळत नाहीत, तेव्हा ते दोन भात आधी करून घ्यावेत.